विलंब क्षमापन (मालमत्तेच्या दिवाणी वादांतील अपिले)

विलंब क्षमापन, बोलीभाषेत विलंब माफी, म्हणजे कायद्याने ठरवून दिलेली मुदत उलटल्यानंतर आलेले अपील किंवा अर्ज, उशिराला पुरेसे कारण होते अशी खात्री पटल्यावर, न्यायालयाने दाखल करून घेणे होय. भारतात न्यायालयांना हा अधिकार मुख्यतः मुदत अधिनियम, १९६३ (वकिली व्यवहारात ‘लिमिटेशन अ‍ॅक्ट’) याच्या कलम ५ ने मिळतो. जमिनीची मालकी, घराचा ताबा, वडिलोपार्जित मिळकतीची वाटणी, शेताची हद्द अशा वादांत या तरतुदीला विशेष महत्त्व आहे. उशीर माफ न झाल्यास अपिलातील मुद्दे कितीही सबळ असले तरी ते ऐकलेच जात नाहीत. उलट, उशीर सहज माफ झाल्यास दावा जिंकलेल्या पक्षाला मिळालेला निकाल कधीच अंतिम होत नाही. या दोन टोकांमधील समतोल कसा साधावा, याविषयी न्यायालयांनी सहा दशकांहून अधिक काळ जी तत्त्वे घडवली, त्यांचा सारांश असा की उशिराची लांबी एकटी निर्णायक नसते. त्या काळाचे स्पष्टीकरण निर्णायक असते.

## मुदतीमागील तत्त्व

मुदतीचा कायदा कोणाचा हक्क खरा आणि कोणाचा खोटा हे ठरवत नाही. हक्क कधीपर्यंत न्यायालयात मागता येईल, एवढेच तो ठरवतो. त्यामागे दोन जुनी तत्त्वे आहेत. खटल्यांना कोठेतरी शेवट असावा, यात समाजाचे हित आहे, हे पहिले. कायदा जागरूक असलेल्यांना साहाय्य करतो, हक्कांबाबत झोपून राहणाऱ्यांना नाही, हे दुसरे.

भारतात मुदतीविषयीचा पहिला एकत्रित कायदा १८५९ मध्ये झाला. त्यानंतर १८७१, १८७७ आणि १९०८ मध्ये नवे कायदे आले. सध्याचा अधिनियम १ जानेवारी १९६४ पासून अमलात आहे. १९०८ च्या कायद्यातील कलम ५ अपिले आणि काही ठरावीक अर्जांपुरतेच होते. १९६३ च्या अधिनियमाने त्याची व्याप्ती वाढवून ते जवळजवळ सर्व अर्जांना लागू केले.

अधिनियमाच्या कलम ३ नुसार मुदतीनंतर आलेला दावा, अपील किंवा अर्ज फेटाळणे हे न्यायालयाचे कर्तव्य आहे. विरुद्ध पक्षाने मुदतीचा आक्षेप घेतला नसला तरीही हे कर्तव्य टळत नाही. कलम ५ हा या नियमाला असलेला अपवाद आहे.

## अपिलाची मुदत आणि तिची गणना

मुदत अधिनियमाच्या अनुसूचीतील अनुच्छेद ११६ प्रमाणे दिवाणी प्रक्रिया संहितेखालील अपील उच्च न्यायालयात करायचे असल्यास ९० दिवसांची आणि इतर न्यायालयात, उदाहरणार्थ जिल्हा न्यायालयात, करायचे असल्यास ३० दिवसांची मुदत असते. ही मुदत हुकूमनाम्याच्या किंवा आदेशाच्या तारखेपासून मोजली जाते.

गणना करताना कलम १२ नुसार पुढील काळ वगळतात:

* न्यायनिर्णय जाहीर झाला तो दिवस;
* हुकूमनाम्याची किंवा आदेशाची प्रमाणित नक्कल मिळवण्यासाठी लागलेला काळ.

नक्कल मागण्यासाठी अर्ज करण्यापूर्वी हुकूमनामा तयार करण्यात न्यायालयाचा जो वेळ गेला, तो मात्र वगळला जात नाही. शेवटच्या दिवशी न्यायालय बंद असल्यास कलम ४ नुसार ते पुन्हा उघडेल त्या दिवशी अपील दाखल करता येते.

उदाहरणार्थ, कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायालयाने १० जून रोजी दावा निकाली काढला. हरलेल्या पक्षाने २० जून रोजी नकलेसाठी अर्ज केला आणि ५ जुलै रोजी नक्कल तयार झाली. मूळ ३० दिवस १० जुलै रोजी संपले असते. नकलेसाठी लागलेले १६ दिवस मिळवल्यावर शेवटची तारीख २६ जुलै ठरते. अपील २० ऑगस्ट रोजी दाखल झाल्यास विलंब २५ दिवसांचा होतो, आणि माफी तेवढ्याच दिवसांची मागावी लागते. गणनेत चूक झाल्यास मुदतीत असलेले अपील उशिराचे समजले जाण्याची, किंवा प्रत्यक्ष विलंबापेक्षा कमी दिवसांची माफी मागितली जाण्याची शक्यता असते.

## कलम ५ ची व्याप्ती

ठरवून दिलेल्या मुदतीत अपील किंवा अर्ज न करण्यास पुरेसे कारण होते, अशी अपीलकर्त्याने न्यायालयाची खात्री पटवल्यास ते मुदतीनंतरही दाखल करून घेता येते, असे कलम ५ सांगते. उच्च न्यायालयाच्या एखाद्या आदेशामुळे, प्रथेमुळे किंवा निर्णयामुळे मुदत मोजताना दिशाभूल झाली असल्यास तेही पुरेसे कारण ठरू शकते, असे त्याच्या स्पष्टीकरणात म्हटले आहे.

या कलमाच्या मर्यादाही तितक्याच महत्त्वाच्या आहेत.

* मूळ दाव्यास लागू नाही. मालकी हक्काच्या आधारे स्थावर मिळकतीचा ताबा मागण्याची मुदत अनुच्छेद ६५ नुसार, प्रतिवादीचा ताबा वादीच्या हक्काविरुद्ध झाल्यापासून १२ वर्षे आहे. ती उलटल्यावर कलम ५ खाली विलंब माफ होऊ शकत नाही; उलट कलम २७ नुसार त्या मिळकतीवरील हक्कच संपुष्टात येतो.
* आदेश २१ खालील अर्जांस लागू नाही. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत झालेला न्यायालयीन लिलाव रद्द करण्याच्या अर्जाची मुदत ६० दिवस आहे; ती कलम ५ खाली वाढत नाही.
* विशेष कायदे. एखाद्या विशेष किंवा स्थानिक कायद्याने वेगळी मुदत ठरवून कलम ५ स्पष्टपणे वगळले असल्यास, कलम २९(२) नुसार त्या कायद्याची तरतूद प्रभावी ठरते.

## अर्जाची कार्यपद्धती

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ मध्ये १९७६ च्या दुरुस्तीने नियम ३-अ घालण्यात आला. त्यानुसार उशिरा केलेल्या अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज आणि कारणांच्या समर्थनार्थ शपथपत्र द्यावे लागते. अर्ज प्रथमदर्शनीच फेटाळण्याजोगा नसल्यास उत्तरवादीला नोटीस काढली जाते आणि अपिलाच्या सुनावणीपूर्वी विलंबाच्या प्रश्नाचा निकाल लावला जातो. अर्ज अपिलासोबत जोडायचा राहून गेल्यास तो दोष नंतर दुरुस्त करता येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने मध्य प्रदेश राज्य विरुद्ध प्रदीप कुमार (२०००) या प्रकरणात म्हटले आहे.

मालमत्तेच्या वादात या नियमाचा एक भाग विशेष परिणामकारक ठरतो. विलंबाचा प्रश्न सुटून न्यायालय अपील ऐकण्याचे ठरवत नाही, तोपर्यंत हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीला स्थगिती देण्यास या नियमाने मनाई केली आहे. त्यामुळे विलंब माफीचा अर्ज प्रलंबित असताना जिंकलेला पक्ष दरखास्त दाखल करून बेलिफामार्फत ताबा घेऊ शकतो. पुढे अपील यशस्वी झाल्यास कलम १४४ खाली पूर्वस्थिती पुन्हा मिळवता येते. पण मधल्या काळात घर पाडले गेले असेल किंवा जमिनीवर बांधकाम झाले असेल, तर ती भरपाई अपुरी पडते.

## ‘पुरेसे कारण’ या संकल्पनेचा विकास

‘पुरेसे कारण’ म्हणजे काय, याची व्याख्या अधिनियमात नाही. निष्काळजीपणा, निष्क्रियता किंवा अप्रामाणिकपणा दिसत नसेल तेथे या शब्दांचा अर्थ न्यायाला पोषक असा उदारपणे लावावा, हे सूत्र मद्रास उच्च न्यायालयाने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कृष्ण विरुद्ध चाथप्पन या प्रकरणात मांडले.

रामलाल, मोतीलाल आणि छोटेलाल विरुद्ध रेवा कोलफील्ड्स (१९६१) या प्रकरणात अपिलास केवळ एका दिवसाचा उशीर झाला होता. मूळचे साताऱ्याचे आणि पुढे भारताचे सरन्यायाधीश झालेले न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी लिहिलेल्या या निकालातून तीन मुद्दे स्थिर झाले. मुदत संपल्यावर विरुद्ध पक्षाला एक मौल्यवान हक्क प्राप्त होतो आणि तो सहज हिरावून घेऊ नये. पुरेसे कारण सिद्ध झाले तरी माफी हक्काने मिळत नाही. ती न्यायालयाच्या स्वेच्छाधिकारात असते. मात्र मुदतीचा सगळा काळ अपीलकर्ता काय करत होता, असे विचारून त्याला दोषी धरता येत नाही, कारण शेवटच्या दिवशी अपील करण्याचीही कायद्याने मुभा आहे.

भूसंपादन कलेक्टर, अनंतनाग विरुद्ध कातिजी (१९८७) हा उदार दृष्टिकोनाचा सर्वाधिक उद्धृत होणारा निकाल आहे. भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्याविरुद्ध शासनाने केलेल्या अपिलास चार दिवसांचा उशीर झाला होता. मुद्दाम उशीर करून पक्षकाराचा सहसा कोणताच लाभ होत नाही, उलट त्याचीच हानी होण्याचा धोका असतो, असे न्यायालयाने म्हटले. प्रत्येक दिवसाचा हिशेब द्यावा, या नियमाचा अर्थ तासातासाचा आणि क्षणाक्षणाचा हिशेब मागणे असा काढू नये, असेही त्यात आहे.

एन. बालकृष्णन विरुद्ध एम. कृष्णमूर्ती (१९९८) हे प्रकरण मालकी हक्काच्या दाव्यातील एकतर्फी हुकूमनाम्यातून उद्भवले. विलंब ८८३ दिवसांचा होता आणि पक्षकाराच्या वकिलाने काम टाकून दिल्याचे दिसून आले होते. सर्वोच्च न्यायालयाने विलंब माफ केला. कधी अगदी थोडा उशीरही स्पष्टीकरणाअभावी माफ होत नाही आणि कधी मोठा उशीरही समाधानकारक स्पष्टीकरणामुळे माफ होतो, असे तत्त्व न्यायालयाने मांडले.

याच काळात दुसरी बाजूही आकार घेत होती. पी. के. रामचंद्रन विरुद्ध केरळ राज्य (१९९७) या प्रकरणात ५६५ दिवसांचा उशीर माफ करण्याचा आदेश रद्द झाला. कायदा एखाद्याला कठोर वाटला तरी केवळ सहानुभूतीपोटी मुदत वाढवता येत नाही, असे न्यायालयाने म्हटले. लंका वेंकटेश्वरलू विरुद्ध आंध्र प्रदेश राज्य (२०११) या जमिनीच्या वादात ३,७०३ दिवसांचा उशीर होता. ‘उदार दृष्टिकोन’ आणि ‘भरीव न्याय’ हे शब्द मुदतीचा कायदाच बाजूला सारण्यासाठी वापरता येणार नाहीत, असे त्या निकालात बजावले आहे. एशा भट्टाचारजी विरुद्ध व्यवस्थापन समिती, रघुनाथपूर नफर अकादमी (२०१३) या निकालाने दोन्ही प्रवाहांतील तत्त्वे एकत्र मांडली.

पाथापाटी सुब्बा रेड्डी विरुद्ध विशेष उपजिल्हाधिकारी (२०२४) या भूसंपादन प्रकरणात ५,६५९ दिवसांचा उशीर माफ करण्यास नकार मिळाला. तशाच प्रकरणात इतरांना दिलासा मिळाला, हे आपल्या उशिराचे कारण होऊ शकत नाही. तसेच माफीचा विचार करताना मूळ वादाच्या गुणावगुणांत शिरण्याची आवश्यकता नाही, असे न्यायालयाने नमूद केले.

## मालमत्तेच्या वादांतील विशेष प्रश्न

### वाटणीचे दावे

वाटणीच्या दाव्यात आधी प्रत्येकाचा हिस्सा ठरवणारा प्राथमिक हुकूमनामा होतो. शासनाला सारा भरणाऱ्या शेतजमिनीची प्रत्यक्ष वाटणी संहितेच्या कलम ५४ नुसार जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होते आणि तिला वर्षे लागू शकतात. मोजणीसाठी माणसे बांधावर येईपर्यंत हिश्शाविषयीची तक्रार मनातच ठेवली, तर अडचण उभी राहते. कलम ९७ नुसार प्राथमिक हुकूमनाम्याविरुद्ध अपील केले नसल्यास अंतिम हुकूमनाम्यावरील अपिलात त्याची शुद्धता तपासता येत नाही. त्यामुळे हिश्शाविषयीच्या अपिलाची मुदत प्राथमिक हुकूमनाम्यापासून मोजली जाते आणि विलंबही तेथूनच धरला जातो.

### एकतर्फी हुकूमनामे

प्रतिवादी गैरहजर असताना झालेल्या हुकूमनाम्याविरुद्ध दोन मार्ग असतात. आदेश ९, नियम १३ खाली तो रद्द करण्याचा अर्ज करता येतो किंवा कलम ९६ खाली अपील करता येते. पहिला मार्ग फसल्यावर दुसऱ्याकडे वळणाऱ्या पक्षकाराचे अपील साहजिकच मुदतीबाहेर गेलेले असते. महाराष्ट्रातील एका वाटणीच्या दाव्यात सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये असा चार वर्षांहून अधिक विलंब माफ केला. पहिला उपाय प्रामाणिकपणे चालवण्यात गेलेला काळ हे पुरेसे कारण ठरू शकते, असे त्यात म्हटले आहे.

### पक्षकाराचा मृत्यू

जमिनीचे दावे पक्षकारांच्या आयुष्यापेक्षा लांबतात, असा सार्वत्रिक अनुभव आहे. अपील चालू असताना पक्षकार मरण पावल्यास त्याच्या वारसांची नावे ९० दिवसांत अभिलेखावर आणावी लागतात. अन्यथा मृत पक्षकारापुरते अपील आपोआप संपुष्टात येते. ते पुन्हा जिवंत करण्यासाठी आणखी ६० दिवस मिळतात आणि त्यानंतर कलम ५ चा आधार घ्यावा लागतो. पेरुमोन भगवती देवस्वम विरुद्ध भार्गवी अम्मा (२००८) या निकालात न्यायालयाने अशा विलंबाकडे तुलनेने सौम्यपणे पाहिले. अपील दाखल होऊन वर्षानुवर्षे सुनावणीस येत नसेल, तर ग्रामीण पक्षकाराने सतत विरुद्ध पक्षाच्या हयातीची चौकशी करत राहावी अशी अपेक्षा ठेवता येत नाही, हा त्यातील विचार आहे.

### अंमलबजावणीपर्यंतची शांतता

ताब्याचा हुकूमनामा अनुच्छेद १३६ नुसार १२ वर्षांपर्यंत अमलात आणता येतो. अपिलाची मुदत मात्र ३० किंवा ९० दिवसांची असते. जिंकलेला पक्ष काही वर्षे हालचाल करत नाही म्हणून हरलेला पक्ष निश्चिंत राहतो, आणि दरखास्तीची नोटीस हाती पडल्यावर अपिलाची धावपळ सुरू होते. निकालाची माहिती आधीपासून होती असे दिसल्यास हे स्पष्टीकरण सहसा टिकत नाही. निकालाची माहितीच नव्हती, असे पुराव्यानिशी दाखवता आल्यास स्थिती वेगळी असते.

## वकिलाची चूक

पक्षकाराने वकील नेमून आपले काम विश्वासाने सोपवले असल्यास वकिलाच्या चुकीची शिक्षा त्याला होऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने रफिक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१) मध्ये म्हटले. चुकीचा कायदेशीर सल्लाही योग्य परिस्थितीत पुरेसे कारण ठरतो. तथापि, सर्व दोष वकिलावर ढकलून पक्षकाराला स्वतःच्या निष्काळजीपणातून मोकळे होता येत नाही, अशी भूमिका अलीकडच्या निकालांत ठळक झाली आहे. पक्षकाराने मधल्या काळात चौकशी केली होती का, केव्हा केली आणि उशीर कळल्यावर लगेच पावले उचलली का, हे प्रश्न म्हणून महत्त्वाचे ठरतात.

## शासन आणि सार्वजनिक संस्था

शासकीय कामकाज अनेक टेबलांवरून पुढे सरकते, याची दखल जुन्या निकालांनी घेतली होती. पोस्टमास्टर जनरल विरुद्ध लिव्हिंग मीडिया इंडिया (२०१२) या निकालाने मात्र मुदतीचा कायदा शासनासह सर्वांना सारखाच बंधनकारक असल्याचे स्पष्ट केले.

त्याच वर्षी मणिबेन देवराज शाह विरुद्ध बृहन्मुंबई महानगरपालिका या प्रकरणात महापालिकेच्या सात वर्षांहून अधिक विलंबाला मुंबई उच्च न्यायालयाने दिलेली माफी सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. कागदपत्रे सापडत नव्हती, या स्वरूपाचे मोघम स्पष्टीकरण न्यायालयाला पटले नाही. पुण्यातील एका मिळकतीच्या ताब्याविषयीच्या केंद्र सरकार विरुद्ध जहांगीर बायरामजी जीजीभॉय (२०२४) या प्रकरणात, निकाली निघालेली रिट याचिका पुन्हा सुरू करण्यासाठी १२ वर्षे १५८ दिवसांनी केलेला अर्ज उच्च न्यायालयाने नाकारला होता. तो निर्णय कायम राहिला. २०२५ मध्ये कर्नाटक गृहनिर्माण मंडळाच्या दुसऱ्या अपिलातील ३,९६६ दिवसांचा विलंब माफ करणारा उच्च न्यायालयाचा आदेशही सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला.

दुसरीकडे, शिवराज सिंह विरुद्ध भारत संघ (२०२३) या भूसंपादन प्रकरणात ४७९ दिवसांच्या विलंबाची माफी कायम ठेवताना न्यायालयाने ‘स्पष्टीकरण’ आणि ‘सबब’ यांत भेद केला. घडले ते परिस्थितीसह मांडणे म्हणजे स्पष्टीकरण, आणि जबाबदारी झटकण्यासाठी पुढे केलेली गोष्ट म्हणजे सबब.

## महसुली अपिले

महाराष्ट्रातील फेरफार नोंदींसारख्या बाबींवरील अपिले दिवाणी न्यायालयात नव्हे, तर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ खाली महसूल अधिकाऱ्यांपुढे चालतात. या संहितेच्या कलम २५० नुसार, जिल्हाधिकाऱ्याहून कनिष्ठ अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध ६० दिवसांची आणि इतर बाबतींत ९० दिवसांची मुदत आहे. पुरेशा कारणासाठी मुदतीनंतरचे अपील दाखल करून घेण्याची तरतूद कलम २५१ मध्ये आहे. सातबारा उताऱ्यावरील नोंद मालकी हक्काचा अंतिम निर्णय करत नाही. त्यामुळे महसुली अपिलातील विलंब माफ झाला किंवा नाकारला गेला, तरी मालकीचा वाद त्यावरून संपत नाही.

## कोविड-१९ काळातील सवलत

महासाथीच्या काळात सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून दाखल करून घेतलेल्या याचिकेत मुदती वाढवल्या. १० जानेवारी २०२२ च्या आदेशानुसार १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीच्या गणनेतून वगळण्यात आला. ज्यांची मुदत या काळात संपली असती, त्यांना १ मार्च २०२२ पासून ९० दिवस मिळाले. ही सवलत सर्वांना सरसकट होती. कलम ५ खालील माफीप्रमाणे प्रत्येकाला कारण सिद्ध करावे लागले नाही.

## आदेशाचे परिणाम

विलंब माफ झाला म्हणजे अपील मंजूर झाले असे नव्हे. ते फक्त सुनावणीस पात्र होते. विरुद्ध पक्षाला झालेल्या त्रासाची भरपाई म्हणून न्यायालय खर्च देण्याची अट घालू शकते. माफी नाकारल्यास अपील मुदतबाह्य म्हणून फेटाळले जाते. असा निर्णयही अपिलावरील निर्णयच असतो, असे सर्वोच्च न्यायालयाने श्याम सुंदर सरमा विरुद्ध पन्नालाल जायस्वाल (२००५) मध्ये म्हटले आहे.

या विषयातील निकाल परस्परविरोधी भासतात, कारण ते तथ्यांवर उभे असतात. चार दिवसांचा उशीर एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढवावा लागतो आणि चार वर्षांचा दुसऱ्यात माफ होतो. दोन्हीकडे तपासणी एकाच प्रश्नाची असते: पक्षकार आपल्या हक्काबाबत जागा होता का, आणि तो जागा असूनही त्याला वेळेत न्यायालयाच्या दारापर्यंत पोहोचता आले नाही, असे काय घडले?